कानबाईच्या मिरवणुकीतला बीबॉप

धुळ्यात बीबॉप मी आणला, असं मी घरात छाती पुढे काढून सांगतो. छातीबरोबर पोटही पुढे येतं, त्याला इलाज नाही. बँडच्या लाल कोटाचं खालचं बटण लागत नाही, म्हणून सॅक्सोफोन जरा खाली धरतो. लोकांना ती स्टाइल वाटते.

आमचा बँड घरचाच. लग्नाच्या वराती, जयंतीची मिरवणूक, श्रावणात आमच्या खानदेशची देवी कानबाई. मास्तर माझा थोरला चुलतभाऊ. सगळे त्याला नाना म्हणतात, मीही. वाद्यं बँडची, म्हणजे नानाची.

एकदा कळांखालचे पॅड गेले म्हणून सॅक्सोफोन जळगावला दुरुस्तीला नेला. तिथला म्हातारा कारागीर काम करताना टेपवर काहीतरी ऐकत होता. त्यात वाद्य माझंच, सॅक्सोफोन, पण असं सुटलं होतं की मला आधी टेप बिघडलाय वाटलं. ओळखीची चाल एकदा दाखवायची, मग तिचं बोट सोडून भर बाजारात घुसायचं आणि तरीही हरवायचं नाही. याला बीबॉप म्हणतात, तो म्हणाला. अमेरिकेतल्या काळ्या वादकांनी काढलेलं. लोकांच्या नाचासाठी तीच ती गाणी वाजवून ते विटले आणि स्वतःसाठी असं वाजवायला लागले.

पॅड बसले तरी मी उठेना. लोकांच्या नाचासाठी वाजवण्याचा आमच्या घराण्याला अनुभव होता. आजोबा वरातीत सगळ्यांच्या पुढे असत आणि जेवायला मांडवाबाहेर.

मग रियाज सुरू झाला. बायको म्हणाली, कुकर बरा, शिट्ट्या झाल्यावर गप्प तरी बसतो. शेजाऱ्यांनी गच्चीला कुलूप लावलं, तेव्हा घरातल्या गाद्यांच्या ढिगात तोंड घालून वाजवलं. पन्नाशीच्या माणसाला हे शोभत नाही, असं मला मुलीनं समजावलं. शिकवायला कोणी नव्हतं. मोबाईलवर ऐकायचं, चुकायचं, पुन्हा ऐकायचं.

पुढे लग्नांत अधूनमधून सुटू लागलो. शिंदखेड्याच्या एका वरातीत नवरदेवाचे मित्र नाचता नाचता थांबले आणि माझ्याकडे असे बघायला लागले, जणू मला फिट आलीय. नानानं ते लक्षात ठेवलं. बोलला तो कानबाईच्या विसर्जनाच्या आदल्या दिवशी.

"उद्या सरळ वाजव. पुन्हा ते किडे सोडलेस, तर सॅक्सोफोन माझ्या घरी आणि तुझ्या हातात खुळखुळा."

आमच्या बँडमध्ये खुळखुळा त्याला देतात, ज्याचे दात गेलेत किंवा दम संपलाय, पण घरचा माणूस म्हणून काढता येत नाही. माझे दात शाबूत होते.

सोमवारी सकाळी कानबाई विसर्जनाला निघाली. ज्यांची कानबाई त्या घरातली थोरली अक्का देवीचा चौरंग डोक्यावर घेऊन पुढे, बायका फुगड्या घालताहेत, मागे आम्ही. कानबाई डोक्यावर असलेली बाई चालेल तेव्हा मिरवणूक चालते आणि ती नाचेल तोवर सगळ्यांनी थांबायचं. तिला चला म्हणायची सोय नाही.

चौकापर्यंत मी शहाण्यासारखा वाजवत आलो. तेच गाणं तिसऱ्यांदा सुरू झालं आणि माझ्या बोटांना राग आला. मुखडा संपला तसा मी सुटलो. ढोलाची लय तीच, तिच्यावर माझे सूर धावत, अडखळत, उलटे फिरून येत होते. नानानं क्लॅरिनेट तोंडातून काढून हात केला: बस. मी डोळे मिटून घेतले. धीट माणसासारखं नव्हे, इंजेक्शन घेताना मिटतात तसे.

बायकांचा आवाज थांबला, तेव्हा डोळे उघडावे लागले. अक्का चौकाच्या मधोमध गोल फिरत होती. माझ्या सुरांच्या पळापळीखाली तिनं ढोलाचं एक संथ पाऊल धरलं होतं आणि डोक्यावरचा चौरंग हलत नव्हता. नाना हात करतच होता. ते तिला दिसलं.

"थांबू नको रे भाऊ," ती म्हणाली. "माय रमनी शे."

देवीच रमली म्हटल्यावर नानाची काय टाप? दम निघेपर्यंत वाजवलं. आमची मिरवणूक पांझरा नदीवर सगळ्यात शेवटी पोचली.

परतताना नाना म्हणाला, नाचली ती देवी, त्यात तुझं काही नाही. मी म्हटलं, कबूल. आणि त्यानं खरोखरच सॅक्सोफोनसाठी हात पुढे केला. माणूस शब्दाचा पक्का.

मी वाद्य त्याच्या हातात दिलं आणि लाल कोटही काढून त्यावर ठेवला. "खुळखुळा दुसऱ्याला दे, नाना. वाजवीन तर हेच आणि असंच. नाहीतर घरी बसेन."

भर रस्त्यात मी बनियनवर उभा. हसणारे हसले. नानानं आधी कोटाकडे पाहिलं, मग माझ्या पोटाकडे.

"घाल तो," तो म्हणाला. "दुसऱ्या कोणाला व्हायचा नाही." मग साक्रीच्या रस्त्याकडे बघत पुटपुटला, "मुखडा लोकांचा. तो नीट वाजवायचा. मधल्या जागेत काय मरायचं ते मर."

परवाच्या वरातीत मधली जागा आली, तेव्हा मी इतका मेलो की घोडा बिथरला. नाना ओरडला. मी मुखड्यावर वेळेत परत आलो, पण अगदी शेवटच्या क्षणी.