न चाखता घातलेलं मीठ

अरविंद गेल्याचा हेलनचा फोन आला तेव्हा मी घराच्या मागे शिडीवर चढून पन्हळीत अडकलेली पानं काढत होतो. सुमेधाने, माझ्या बायकोने, खिडकीतून फोन माझ्या हातात दिला. सकाळी चहा करायला उठला, जिन्यात बसला आणि अँब्युलन्स यायच्या आत संपलं होतं, एवढंच हेलन सांगू शकली. मी विचारलं, किती वाजता? हॉस्पिटलच्या फार्मसीत उभा जन्म काढलेल्या माणसाच्या तोंडी आधी हाच प्रश्न येतो. ती म्हणाली, "डझ इट मॅटर, विनायक?" मी खाली उतरलो, हातमोजे काढले, परत घातले, परत शिडीवर चढलो आणि उरलेली पानं काढली. त्याला आता सात आठवडे झाले. तेव्हापासून मला एका जागी बसवत नाही. टीव्ही लावतो आणि उठतो, पेपर उघडतो आणि मिटतो. सुमेधा म्हणते, एक तर बसा, नाही तर फिरून या, हे दारात उभं राहणं बंद करा.

अरविंद लीड्सच्या मोठ्या हॉस्पिटलात भूलतज्ज्ञ होता. माणसांना झोपवायचं आणि ठरल्या वेळी सुखरूप उठवायचं, हे त्याचं काम, आणि त्यासाठी लागणारी औषधं मोजूनमापून वर पाठवायची, हे माझं. आमची ओळख फोनवर झाली. मी नवा होतो. त्याने काहीतरी मागवलं, मी डोस पुन्हा एकदा सांगा म्हणालो, आणि माझ्या इंग्रजीतला सूर ऐकून तो सरळ मराठीत म्हणाला, "मिरज की सांगली?" मी सांगलीचा, तो मिरजेचा. त्या दिवसापासून मी त्याचा विन्या झालो. हेलन त्याच हॉस्पिटलात वॉर्ड सिस्टर होती, पक्की यॉर्कशरची, बोलायला तुटक आणि मनाने अतिशय मऊ. त्यांचं लग्न रजिस्टर झालं. साक्षीदार म्हणून सह्या करायला सुमेधा आणि मी होतो.

हेलनला स्वयंपाकाची अजिबात आवड नव्हती. पण तिची आई तरुणपणी फ्रान्समध्ये एका घरी मुलं सांभाळायला राहिली होती आणि तिथून एक पदार्थ शिकून आली होती: गाईच्या पायाचं, नळीजवळचं चिवट मांस रेड वाइनमध्ये गाजर, छोटे कांदे, मशरूम घालून दुपारभर मंद आचेवर शिजवायचं. घरात कोणाचाही वाढदिवस असो, हाच स्टू. आई गेल्यानंतरच्या पहिल्या वाढदिवसाला काय हवं, असं अरविंदने विचारलं, तेव्हा हेलनने दुसरं काही मागितलं नाही. आणि मग त्याने जे केलं ते फक्त आपल्याकडचा माणूसच करू शकतो. चिवट मांस आहे ना, मग त्याने मिरजेहून आणलेला प्रेशर कुकर काढला, सगळं आत भरलं, वर वाइन ओतली आणि शिट्ट्या मोजत बसला. तिसऱ्या शिट्टीला वाइन छतापर्यंत गेली. मांसाच्या वाती झाल्या. हेलनने ते सगळं खाल्लं आणि मग छताकडे बघत सावकाश म्हणाली, "मम्स वॉज ब्राउन, अरविंद." छतावरचा तो जांभळा डाग दोनदा रंग देऊनही पुरता गेला नाही. अजून आहे.

पुढच्या वर्षी त्याने बिडाचं जाड, नारिंगी रंगाचं पातेलं आणलं, झाकणासकट उचलताना कमरेत चमक भरेल असं. मांसाचे मोठे तुकडे मैद्यात घोळवून आधी चांगले लालसर परतायचे, त्याच पातेल्यात कांदे परतायचे, वाइन ओतून तळाला लागलेलं खरवडायचं, तमालपत्र घालायचं आणि झाकण लावून ओव्हन अगदी मंद ठेवायचा. मग कोणीही मध्ये मध्ये करायचं नाही. हा शेवटचा नियम माझ्यासाठी होता, कारण मी दर थोड्या वेळाने ओव्हनच्या काचेतून बघायचो. त्या दिवशी मला त्याच्याकडे ड्यूटी असायची. गाजरं चिरायची आणि वजनं करायची. मी घरून माझा इलेक्ट्रॉनिक काटा न्यायचो. दीड किलो मांसाला किती मैदा, किती वाइन, हे मी ठरवून टाकलं होतं. "विन्या, हे इन्सुलिन नाही," तो म्हणायचा, पण वजन करू द्यायचा.

गंमत अशी की आम्हा दोघांपैकी कोणीच ते खात नव्हतो. माझी मजल अंड्यापर्यंतच. अरविंद मटण, मासे सगळं खायचा, वाइनही घ्यायचा, पण गाईचं खायचं नाही, एवढं एकच इकडे निघताना आईने मागितलं होतं आणि त्याने शब्द दिला होता. देवाधर्माचा त्याला फारसा ओढा नव्हता, शब्दाचा होता. तेव्हा तो हेलनसाठी जे शिजवायचा त्याचा एक थेंबही त्याने कधी जिभेवर ठेवला नाही. आणि हेलनला चाखू द्यायचा नाही. तिला पान वाढेपर्यंत स्वयंपाकघरात यायलाच बंदी होती. मग मीठ बरोबर पडलं हे कळायचं कसं? मी हे पहिल्यांदा विचारलं तेव्हा त्याला प्रश्नच कळेना. त्यांच्या घरी गणपतीत, महालक्ष्म्यांना सगळा स्वयंपाक नैवेद्य दाखवेपर्यंत कोणी चाखत नसे. एवढ्या माणसांचं जेवण, आणि आईच्या हातचं मीठ कोणी वरून मागून घेतल्याचं त्याला आठवत नव्हतं. तो लहानपणी तिच्या शेजारी बसून ते शिकला होता. "वाफ नाकाशी घ्यायची," तो म्हणाला. "मीठ कमी असलं की वास सुटा सुटा येतो. नीट पडलं की एक होऊन येतो." मी म्हणालो, मिठाला वास नसतो, हे शाळेतलं पोर सांगेल. "तुमच्या फार्मसीतल्या मिठाला नसेल," तो म्हणाला. मी हट्टाने त्याची चिमूट काट्यावर टाकायला लावली. आकडा शून्यावरून हलला नाही. तो खूश झाला. "बघ, मी काही घातलंच नाही."

मग त्याची आई सहा महिने राहायला आली. ते लाळ्या-खुरकुताच्या साथीचं वर्ष होतं. बातम्यांत रोज शेतांमध्ये जळणाऱ्या गुरांचे ढीग दाखवत. काकू ते बघायच्या, उठून आत जायच्या आणि त्या दिवशी जेवायच्या नाहीत. अरविंदने नारिंगी पातेलं पोत्यात गुंडाळून आमच्या गॅरेजमध्ये आणून ठेवलं. त्याच मुक्कामात हेलनचा वाढदिवस होता. या वर्षी राहू दे, असं ती त्याला परत परत सांगत होती. पण तिच्यासाठी वर्षातून एकदा करायची गोष्ट आई आहे म्हणून टाळायची, हे त्याला पटेना, आणि आईला सांगायचं धाडसही होईना. शेवटी त्याने पातेलं परत नेलं आणि आईला सांगितलं, मटण करतोय.

त्या दुपारी मी गाजरं चिरत होतो. अरविंदने झाकण उघडून नाक पुढे केलं होतं आणि त्याच वेळी काकू गरम पाणी घ्यायला दारात आल्या. त्या तिथेच थांबल्या. अरविंदच्या हातात झाकण तसंच राहिलं. वाफ सगळीकडे पसरली होती. काकूंनी डोळे मिटून एक लांब श्वास घेतला. मला वाटलं, आता संपलं सगळं.

"काय शिजतंय ते मी विचारत नाही," त्या म्हणाल्या. "मीठ कमी आहे."

आणि पाणी घेऊन निघून गेल्या. अरविंदने झाकण बाजूला ठेवलं आणि चिमूटभर मीठ घातलं. हेलन बाहेर पॅसेजमध्ये उभी होती. तिला आवाज ऐकू आला होता, शब्द कळले नव्हते. त्याने सांगितल्यावर ती बाथरूममध्ये गेली आणि बऱ्याच वेळाने तोंड धुऊन आली. मिरजेला परतताना काकूंनी लोणचं आणलेली चिनी मातीची बरणी धुऊन, वाळवून, त्यात मीठ भरून हेलनच्या हातात दिली. त्यानंतर पातेलं आमच्या गॅरेजमध्ये आलं नाही. काकू पुढे मिरजेला वारल्या तेव्हा अरविंदला वेळेवर विमान मिळालं नाही. त्याबद्दल तो कधी बोलला नाही... फक्त त्या वर्षी स्टू करताना त्याने वाफ जरा जास्त वेळ घेतली, असं मला वाटलं.

आता हेलन एकटी आहे, आणि जेवत नाही. मी हे मोघम म्हणत नाही. सुमेधा एक दिवसाआड वरण-भात नेते, शेजारणी लसान्याचे ट्रे ठेवून जातात, ते सगळं नावाच्या चिठ्ठ्यांसह फ्रीझरमध्ये जातं. ती टोस्टवर आहे, तोही अर्धा. आयुष्यभर दुसऱ्यांना भरवलेली बाई, तिला न जेवण्याचे परिणाम मी काय सांगणार? घड्याळ मनगटावरून कोपराकडे सरकायला लागलं तेव्हा डॉक्टरांनी तिला पिण्याचं पौष्टिक औषध लिहून दिलं. ते मीच नेऊन दिलं आणि ते तसंच ओट्यावर पडलेलं मीच पाहिलं. अन्नाला कसली चवच लागत नाही, म्हणायची. मागच्या आठवड्यात तिचा वाढदिवस होता. आदल्या दिवशी तिने फोन केला. मी पुढे काही विचारायच्या आत म्हणाली, "विनायक, वुड यू मेक इट?"

मी हो म्हणालो आणि घरभर फिरायला लागलो. सुमेधाने ऐकून घेतलं. आपल्या ओव्हनमध्ये नको, म्हणाली, तिच्या घरी जाऊन करा, आणि परत आलात की शर्ट थेट मशीनमध्ये टाका. मग दारापर्यंत मागे आली आणि म्हणाली, "ती खाईल ना हो?"

मी खाटकाच्या दुकानात आयुष्यात पहिल्यांदा गेलो. मांसाला हात लावताना मला काय वाटलं ते इथे लिहीत नाही, लावला. मैदा, वाइन, कांदे, सगळं काट्यावर जसंच्या तसं. परतलं, खरवडलं, झाकण लावलं. मग ती लांबलचक दुपार. तो असता तर खुर्चीत पाय पसरून क्रिकेट ऐकत बसला असता. मी ओव्हनपासून खिडकीपर्यंत, खिडकीपासून फ्रीजपर्यंत चकरा मारत होतो. छतावरचा डाग बघत होतो. हेलन नियमाप्रमाणे बाहेरच्या खोलीत होती, तिथे टीव्हीही लावलेला नव्हता.

मांस चमच्याने तुटायला लागलं, आणि राहिलं फक्त मीठ. मी झाकण उघडलं, वाफ घेतली. वाइन, कांदा, तमालपत्र... सुटं की एक, मला काही कळेना. चमच्यात थोडा रस घेतला, तोंडापर्यंत नेला. हे बेचव झालं तर ती परत टोस्टवर जाईल आणि कदाचित दुसऱ्यांदा कोणाकडे काही मागणार नाही, एवढं मला दिसत होतं. मी कोणाला शब्द दिलेला नव्हता. चाखायला हरकत काय होती?

"मी चव बघू का?" मी बाहेर आवाज दिला.

"नो," ती म्हणाली. "ही नेव्हर डिड."

मी चमचा खाली ठेवला, अंदाजाने मीठ घातलं आणि पान वाढलं. ती बसली. मी उभाच. तिने एक घास घेतला, चावला, गिळला. काटा-चमचा खाली ठेवला. मला वाटलं, झालं. मग तिने माझ्याकडे बघितलं आणि काकूंच्या त्या ठसक्यात, एकेक शब्द नीट लावत, मराठीत म्हणाली, "मीठ कमी आहे."

म्हणजे चव लागली होती. मला खुर्ची ओढून बसावं लागलं.

टेबलावर मीठ नव्हतं. स्टूच्या दिवशी ते तिथे कधी लागलंच नव्हतं. ती उठून आत गेली, ओट्यावरची काकूंची बरणी उघडली, चिमूट घेतली. शेजारी माझा काटा चालूच होता. तिने चिमटीतलं मीठ त्यावर सोडलं. शून्य. "ही वॉज सो प्लीज्ड विथ दॅट," ती म्हणाली, मग तेच मीठ बोटांनी गोळा करून पातेल्यात टाकलं, ढवळलं आणि त्यातला रस आपल्या पानात घेतला. पहिलं पान संपवलं. दुसरं निम्मं.

त्या बरणीत अरविंदने कधी चमचा ठेवला नाही, मीठ तो चिमटीनेच घ्यायचा. परवा वरण-भात घेऊन गेलेल्या सुमेधाने ओटा आवरताना सवयीने त्यात एक लहान चमचा खोचला. मी दारात उभा होतो. हेलनने सुमेधाला थँक यू म्हटलं, चमचा बाहेर काढला, पुसला आणि खणात ठेवून दिला.