लोणारच्या काठावर लागलेली झोप

मी खामगावच्या शाळेत सायन्स शिकवायचो. भुताखेताच्या गप्पा मारणाऱ्या पोरांना बाकावर उभं करणारा मास्तर! म्हणून हे लिहिताना आजही हात अडखळतो...

वऱ्हाड तेव्हा मध्यप्रांताला जोडलेलं होतं. माझे भाऊजी डोणगावचे. त्यांच्यासोबत सायकलवर लोणारचं तळं पाहायला निघालो. वाटेत दोन रात्री उघड्यावर काढल्या. पाठीखाली दगड, कानाशी डास... डोळ्याला डोळा लागला नाही.

तिसऱ्या दिवशी सकाळी तळ्याच्या काठावर पोचलो, तर मला गरगरायला लागलं. "भाऊजी, तुम्ही खाली जाऊन या. मी तासभर पडतो." कडुनिंबाखाली घोंगडी टाकली, बूटही न काढता आडवा झालो. अशी गाढ झोप आयुष्यात लागली नव्हती.

भाऊजींनी गदागदा हलवून उठवलं. त्यांच्या कमरेपर्यंत काळा चिखल होता.

"काऊन बे, मले मागं टाकून एकटाच वर आला?"

"मी? मी तर इथंच झोपलो होतो..."

"मजाक करू नको! पाण्याजवळ गाळात फसलो होतो मी. तूनंच हात देऊन काढलं मले. अन् मंग एक शब्द न बोलता चालत सुटला!"

बाजूला एक बाई गवत कापत होती. तिला विचारलं.

"नाही जी, हे तं केव्हाचे इथंच घोरून राह्यले. म्या पाह्यलं ना!"

माझे बूट कोरडे होते. चिखलाचा ठिपकासुद्धा नाही. भाऊजींनी मनगट पुढे केलं — त्यावर बोटांचे लाल वळ. लहानपणी कडबा कापताना माझं मधलं बोट अर्धं तुटलंय. मधला वळही अर्धाच होता! मी त्यावर हात ठेवून पाहिला... तंतोतंत बसला.

भाऊजींना उन्हाने भास झाला म्हणावं, तर गाळातून त्यांना कोणी ओढलं? आणि मीच गेलो होतो म्हणावं, तर घोंगडीवर घोरत कोण होतं? आणि त्या बाईनं मला मधेच उठवलं असतं तर... भाऊजी गाळातच राहिले असते?

इतकी वर्षं झाली, उत्तर सापडलं नाही. घरी मात्र सगळ्यांना बजावून ठेवलंय — मी गाढ झोपलेलो असलो, तर काही झालं तरी हलवू नका.