हाकेतला जोर नेमका कुठे?

"तुनी पोर बहिरी शे वं!" असं आमच्या सासूबाईंनी, म्हणजे अक्कांनी, जाहीर केलं तेव्हा मी पोळ्या लाटत होते. भुसावळजवळच्या दीपनगर कॉलनीतलं आमचं दोन खोल्यांचं क्वार्टर, ऐंशीच्या दशकातली गोष्ट. अक्का चार दिवसांपूर्वीच धरणगावहून आल्या होत्या.

झालं होतं असं, की आमची तीन वर्षांची सुनीता गॅलरीत खेळत बसली होती आणि अक्का तिला हाका मारत होत्या. शेताच्या या बांधावरून त्या बांधावर पोहोचावी अशी हाक... "सुनीताऽऽऽ!" खालच्या मजल्यावरचे दोघे बाहेर येऊन बघून गेले. सुनीताने मान वर केली नाही.

मी हाक मारली. ह्यांनी मारली. पोरगी आपली बाहुलीला अंघोळ घालतेय...

आता खरं सांगते, मला पोरीच्या कानांपेक्षा आधी माझ्या नोकरीची धास्ती वाटली. मी भुसावळला एका शाळेत शिकवत होते, नोकरी पर्मनंट व्हायला थोडाच अवधी उरला होता. आणि अक्कांचं निदान तयारच होतं. आई दिवसभर घरात नाही, पोरीशी कोणी बोलत नाही, म्हणून कान गेले. "नोकरी सोड अन् पोरले देख," हा त्यावरचा उपाय.

हे काय म्हणाले? आईसमोर आमच्या ह्यांचं तोंड फक्त जेवायला उघडायचं.

शेवटी असं ठरलं, की जळगावच्या कानाच्या डॉक्टरांकडे जायचं. ते काय सांगतील त्यावर राजीनाम्याचं बघायचं. मी रात्रभर उशी ओली केली, सकाळी डोळ्यांवर पाणी मारलं आणि सुनीताला घेऊन हे, अक्का आणि मी एसटीत बसलो.

सोबत शेजारच्या मामीही आल्या. मामी मद्रासकडच्या. मी शाळेत असताना सुनीता त्यांच्याकडेच असायची. मराठी शून्य, हिंदी कामापुरती. अक्कांना त्यांचं येणं काही रुचलं नव्हतं, त्यामुळे एसटीत दोघींच्या मध्ये मला बसावं लागलं.

डॉक्टर वयस्कर, मिश्कील. त्यांनी सुनीताला लाकडी ठोकळे देऊन कोपऱ्यात बसवलं आणि पाठीमागून हाक मारली. ढिम्म. अक्कांनी मारली. ढिम्म. मी मारली... तेच. अक्कांनी माझ्याकडे असं पाहिलं, की मी मनातल्या मनात राजीनाम्याची पहिली ओळ लिहूनसुद्धा टाकली.

मामी दाराशी उभ्या होत्या. त्यांना राहवलं नाही. "सुऽनिता!" पहिल्याच अक्षरावर असा ठोसा, की पुढची दोन अक्षरं कशीबशी मागे धावत आली. पोरगी ठोकळे टाकून ताडकन उठली आणि मामींना जाऊन बिलगली.

मला आनंदाने ओरडावंसं वाटलं. पण तेवढ्यात अक्कांचा चेहरा दिसला. बहिरी असती तर परवडलं असतं... आता पोरगी परकी झाली होती! "आजीले ओ देत नही अन् दुसरीले देस," एवढंच त्या म्हणाल्या आणि पदर सावरून खिडकीकडे तोंड केलं.

डॉक्टर मात्र हसायला लागले. म्हणाले, "कान ठणठणीत आहेत हो. तुम्हा तिघींच्या हाकेचा जोर तीन ठिकाणी पडतोय." त्यांनी टेबलावर पेन ठोकून दाखवलं. मामींचा जोर पहिल्या अक्षरावर. अक्का शेवटचं अक्षर लांबवतात, कारण शेतात तेच लांब जातं. "आणि बाई, तुम्ही कुठेच जोर देत नाही. हजेरी घेतल्यासारखं नाव वाचता."

ह्यांना हसू फुटलं. तिथे बरं फुटलं!

मी म्हटलं, डॉक्टर, मामींच्या हाकेमागून गरम डोसा येतो आणि माझ्या हाकेमागून वेणीफणी... हेही कारण असेल. ते म्हणाले, "तेही असेल. तरी जोर बदलून बघा."

आणि मग जे झालं त्याची मी अजिबात अपेक्षा केली नव्हती. अक्का खिडकीपासून वळल्या. आयुष्यात कुणाचं ऐकून त्यांनी भाजीतलं मीठसुद्धा बदललं नव्हतं. त्या मामींसमोर उभ्या राहिल्या आणि हातानेच खूण केली, पुन्हा म्हण. मामी म्हणाल्या. अक्कांनी ओठ हलवून बघितले, घसा साफ केला...

"सुऽनिता!"

हुबेहूब. मद्रासच्या बाईनेही मान डोलवावी असं. सुनीताने वळून पाहिलं, ह्या आवाजात ही हाक कुठून आली म्हणून क्षणभर गोंधळली आणि दुडदुडत येऊन आजीच्या कडेवर चढली. अक्कांनी तिला इतकं घट्ट धरलं, की मला डोळे पुसायला रुमाल सापडेना.

परतीच्या एसटीत अक्का मामींच्या शेजारी बसल्या. दोघींना एकमेकींचं काही कळत नव्हतं, तरी भुसावळपर्यंत बोलणं थांबलं नाही. उतरताना अक्का माझ्याकडे न बघताच म्हणाल्या, "तू शाळामा जाय. पोरले आम्ही देखसूत."

त्या वर्षी अक्का धरणगावला परत गेल्याच नाहीत. माझी नोकरी पर्मनंट झाली, त्याच नोकरीतून मी रिटायरही झाले. लोक म्हणतात, बाई, तुम्ही जिद्दीने केलंत. कसली जिद्द... माझ्या घरी दोन बायका होत्या, ज्यांतल्या एकीने एका पोरीसाठी दुसरीसारखी हाक मारायला शिकून घेतलं. मी नुसती सकाळची बस पकडत होते.