पेटी सतरामधले तीन तुकडे

सकाळी सात वाजून चाळीस मिनिटांनी मावशींनी पेटी क्रमांक सतराचं झाकण काढलं, बादलीतला स्पंज पिळला आणि दगडांवरून फिरवला. कोरडा दगड सगळा सारखाच राखाडी दिसतो, ओला केल्याशिवाय त्याचा रंग कळत नाही. पाणी लागलं तसे मधले तीन तुकडे पांढरे झाले. त्यांना हिरवट झाक होती आणि चपट्या कण्या काचेसारख्या चमकत होत्या. मावशी एकतीस वर्षं या तीन तुकड्यांना टाळत आल्या होत्या. आज सव्वाआठला मॅडम येणार होत्या, आणि त्याआधी काय बोलायचं ते ठरवणं भाग होतं.

शेड नव्वद पावलं लांब आहे. दोन्ही बाजूंना लोखंडी रॅक आणि रॅकवर सहा हजार दोनशे लाकडी पेट्या. खाण चालू होती तेव्हा मशीनने डोंगरात खोल छिद्रं पाडत, त्यांना बोअर म्हणत. बोअरमधून दगडाची गोल, मनगटाएवढी जाड कांडी निघे. ती तुकड्यातुकड्यांनी पेटीच्या खाचांत ओळीने मांडायची आणि मध्ये मध्ये खोलीचा आकडा लिहिलेला लाकडी ठोकळा ठेवायचा. म्हणजे कुठला दगड किती मीटरवरचा हे कायमचं कळतं. हा क्रम मोडला की पेटीत उरते ती नुसती खडी. मावशी चोविसाव्या वर्षी इथे लागल्या आणि तेव्हापासून क्रम सांभाळणं हेच त्यांचं काम.

एकोणीस वर्षांपूर्वी खाण बंद पडली. तांबं संपलं नव्हतं, पण ते वर काढायचा खर्च भावाच्या पुढे गेला होता. तीन पाळ्यांची वर्दळ होती ती एका महिन्यात थांबली. दवाखान्याचे डॉक्टर गेले, निळ्या फाटकाची शाळा पाचवीपर्यंतच उरली, क्वार्टर्सच्या खिडक्यांच्या चौकटी लोकांनी रात्रीतून उचलून नेल्या. शेडची किल्ली मात्र कोणी मागितली नाही, आणि मावशींनीही आपणहून दिली नाही. महिन्यातून एकदा त्या जाऊन वाळवी बघून यायच्या.

आता नवी कंपनी आली होती. तिला तांबं नको होतं, बॅटरीत घालायचं लिथियम हवं होतं. ते ज्या पांढऱ्या दगडात असतं, तो तांब्याच्या दिवसांत कोणी तपासतसुद्धा नसे. कंपनीच्या भूगर्भतज्ज्ञ मॅडम एकोणतीस वर्षांच्या. त्यांनी सहासष्ट वर्षांच्या मावशींना रोजावर घेतलं, तीन महिने पेट्या उघडल्या आणि शेवटी बोअर एकेचाळीस, पेटी सतरा, एकशे आठ मीटर, इथे बोट ठेवलं. कंपनीने चाचणीसाठी एकच छिद्र मंजूर केलं होतं. त्यात पांढऱ्या दगडाची शीर लागली तर पुढचं बोलणं, नाही लागली तर मशीन ट्रकवर चढून दुसऱ्या देशात. छिद्राच्या जागेवर खुंटी ठोकून झाली होती. मशीन उद्या येणार होतं.

आणि ते तीन तुकडे एकशे आठ मीटरवरचे आहेत की नाहीत, हे मावशींना ठाऊक नव्हतं.

एकतीस वर्षांपूर्वी एका ट्रकवाल्याने गाडी मागे घेताना शेडची भिंत दाबली आणि एक रॅक आडवा झाला. बोअर एकेचाळीसच्या पेट्या जमिनीवर ओतल्या गेल्या. शेडचे साहेब बहिणीच्या लग्नाला गेलेले. मावशींनी चार दिवस मांडी घालून तुकडा तुकडा जुळवला. कांडी जिथे मोडते तिथली दोन्ही तोंडं एकमेकांत चपखल बसतात, तेवढ्या आधारावर. सगळं लागलं, तीन पांढरे तुकडे सोडून. पेटी सतरामध्ये एक जागा रिकामी होती आणि तुकडेही तिच्याजवळच पडलेले सापडले होते. मावशींनी ते तिथे ठेवून दिले. साहेबांनी आल्यावर तीन पेट्या तपासल्या, तिन्ही बरोबर निघाल्या, आणि सगळ्यांदेखत ते म्हणाले, "ही बाई बिनचूक आहे." तेव्हापासून त्या बिनचूक मावशी. वॉचमनपासून पोस्टमनपर्यंत सगळे तसंच म्हणायचे. एवढं नाव झाल्यावर सांगायचं कसं?

काल संध्याकाळी चहा पिता पिता त्यांनी ते नवऱ्याला सांगितलं. काका खाणीतले निवृत्त ड्रिलर. बोअर एकेचाळीस त्यांच्याच हातचं.

"एकतीस वर्षं गप्प बसलीस, अजून एक दिवस बस," काका म्हणाले. "दगडाला काय तोंड आहे?"

"मला आहे ना."

"अगं, पोरगा परमुलखात लोकांच्या बंगल्यावर पहारा करतोय. खाण चालू झाली तर घरी येईल. आणि तू निघालीस खरं बोलायला!"

"आणि छिद्र कोरडं गेलं तर? तो तिकडेच म्हातारा होईल."

काकांनी कप खाली ठेवला. "तू बिनचूक आहेस म्हणून त्या पोरीने तुला घेतलंय. उद्या ती म्हणेल, बिनचूक कसली, ही तर अंदाजपंचे!"

मावशींनी कप विसळून पालथे घातले.

मॅडम सव्वाआठला आल्या. मावशींनी स्टूल पुढे केलं, आणि त्या बसायच्या आत सांगून टाकलं. सगळं मिळून पाच-सहा वाक्यं. मॅडमनी हेल्मेट काढून टेबलावर ठेवलं.

"मावशी, मी यावर रिपोर्ट लिहिलाय. वरपर्यंत गेलाय तो."

"हो."

"तीन महिने माझ्याशेजारी बसून डबा खाल्लात. तेव्हा नाही बोलावंसं वाटलं?"

"वाटलं. रोज वाटलं. पण नाव आडवं येत होतं."

मॅडम दाराशी जाऊन उभ्या राहिल्या. समोर डोंगराच्या दूरच्या टोकाला लाल फडकं बांधलेली खुंटी दिसत होती. त्या म्हणाल्या, "पाच वाजेपर्यंत वेळ देते, यांची खरी जागा शोधा. नाहीतर मला फोन करून मशीन थांबवावं लागेल. आणि एकदा थांबवलं की ते पुन्हा येत नाही."

मावशींनी बोअर एकेचाळीसच्या चोवीस पेट्या मॅडमच्या मदतीने ओळीने जमिनीवर उतरवल्या आणि पहिलीपासून तोंडं लावून पाहायला सुरुवात केली. साडेबारापर्यंत सहा पेट्या झाल्या. एकही तुकडा लागला नाही.

पावणेएकला काका डबा घेऊन आले. एकोणीस वर्षांत त्यांनी शेडमध्ये पाऊल टाकलं नव्हतं. दारातूनच ओरडले, "सांगितलंस ना? झालं समाधान?"

"डबा ठेवा आणि निघा."

काका निघाले नाहीत. पेट्यांच्या कडेकडेने चालत राहिले, हात मागे बांधून, जसे कधीकाळी पाळी बदलताना चालायचे. "ही माझी कांडी," म्हणाले. "काय दिवस होते. आपलं तांबं भुकटी होऊन जहाजातून जायचं आणि तारेची गुंडाळी होऊन दसपट भावाने परत यायचं. तीच तार आपल्याच खांबाला. आम्ही म्हणायचो, पोरगी परदेशात शिकून आली."

मॅडमना नको असताना हसू आलं. काकांना श्रोता मिळाला.

"आणि तो स्टोअरकीपर! मशीनच्या टोकाचं दगड कापणारं नवं बिट असं द्यायचा, जशी काही घरची लेक देतोय. याच बोअरला तीन दिवस भांडलो त्याच्याशी. झिजलेलं बिट दगडाला नुसते ओरखडे काढत होतं. शेवटी साठ मीटरला दिलं एकदाचं. त्यानंतर कांडी अशी निघाली, गालावरून फिरवावी."

मावशींचा हात थांबला. त्यांनी पांढऱ्या तुकड्यांपैकी एक उचलून नवऱ्याच्या हातात दिला. "डोळे मिटा. हा कुठला?"

"दगड ओळखायचं काम तुझं."

"दगड नाही विचारत. अंग कसं आहे ते सांगा."

काकांनी तुकडा दोन्ही तळव्यांत घेऊन फिरवला. मग पेटी सतरामधला शेजारचा तुकडा घेऊन तोही फिरवला, आणि पुन्हा पहिला. "हा गुळगुळीत आहे. तो खरखरीत. एकशे आठला बिट पार झिजलं होतं. हा नव्या बिटचा माल आहे, साठच्या पुढचा. ऐंशीच्या पुढे काही हे जात नाही."

"नंतर परत नवं बिट लावलं होतं?" मॅडमनी विचारलं.

"दीडशेला. त्यासाठी आठवडाभर भांडलो."

मावशींनी सातवी, आठवी, नववी पेटी सोडून दहावी ओढली. त्रेसष्ट मीटरवर एक जागा मोकळी होती. तिथे दगडाचा चुरा होऊन कांडी आलीच नसेल असं एकतीस वर्षांपूर्वी त्यांनी धरलं होतं. शेजारच्या तुकड्यावर त्यांनी स्पंज फिरवला. मोडलेल्या तोंडाच्या कडेला नखाएवढी पांढरी रेघ उमटली. मावशींनी पांढरा तुकडा तिला टेकवला, थोडा फिरवला, अजून थोडा. मग तो बसला, आणि मधली फट दिसेनाशी झाली. दुसरा त्याला लागून बसला. काकांनी नाक पुसलं.

तिसरा मात्र कुठेच लागला नाही. चोवीसच्या चोवीस पेट्या पाहून झाल्या. साडेचार वाजले.

"ठेवून द्या ना त्यांच्याच पुढे," मॅडम म्हणाल्या. "तिथलाच असणार."

"असणार म्हणूनच मागे ठेवला होता," मावशी म्हणाल्या. त्यांनी नवा लाकडी ठोकळा घेतला, त्यावर "जागा माहीत नाही" असं लिहिलं, खाली तारीख आणि सही केली, आणि तुकडा त्या ठोकळ्यासह वेगळ्या पेटीत ठेवला.

शीर एकशे आठऐवजी त्रेसष्ट मीटरवर असेल तर तिचा उतार वेगळा, आणि मग छिद्राची जागाही वेगळी. मॅडमनी तासभर फोनवर वाद घातला. वरून विचारणा झाली की ही बाई कोण आणि तिचं ऐकून जागा का बदलायची. मॅडम म्हणाल्या, आज सकाळी तिने जे सांगितलं ते न सांगता ती गप्प बसू शकली असती, म्हणून. सव्वासहाला जुनी खुंटी उपटली आणि डोंगराच्या अलीकडच्या अंगाला, शेडपासून दोनशे पावलांवर, नवी ठोकली. लाल फडकं काकांनी बांधलं, दोन गाठी मारून.

वॉचमन फाटकाशी आला. "बिनचूक मावशी, लावू का कुलूप?"

"नुसतं मावशी म्हण रे," त्या म्हणाल्या. "लाव."

मशीन उद्या सकाळी साडेसातला नव्या खुंटीवर येईल. मावशी सातला शेड उघडतील. दाराशी टेबलावर पेटी क्रमांक एक, बादली, स्पंज आणि कोऱ्या ठोकळ्यांचा डबा आजच मांडून ठेवला आहे.