म्हशीच्या पुढ्यातला डबा

दिवाळी सरली की लिंबागणेशच्या अलीकडचं ते गाव रिकामं होतं. ऊसतोडीचे ट्रॅक्टर निघतात, मागं धूळ उठते, आणि ती खाली बसल्यावर उरतात ती म्हातारी माणसं. ओट्यावर ठेवून विसरलेल्या भांड्यांसारखी.

त्या ट्रॅक्टरवर बसून पंचशीलानं कित्येक हंगाम घालवले. पुढं पाठीनं दगा दिला. नवरा अनिल भावाच्या टोळीसोबत जाऊ लागला, ती गावात राहिली. त्याच सुमारास एका संस्थेनं मागं राहिलेल्या म्हाताऱ्यांसाठी दुपारचा डबा सुरू केला आणि स्वयंपाक पंचशीलाकडं आला. डबे दारोदार ठेवायचे, संध्याकाळी रिकामे गोळा करायचे. संस्थेचे विजयसिंह अधूनमधून येत, रिकामे डबे बघत आणि समाधानानं परत जात.

आबासाहेबांचा डबा सगळ्यांत स्वच्छ असे. एकदा चटणी द्यायची राहिली म्हणून पंचशीला त्यांच्या वाड्यामागच्या वाटेनं परत आली, तर डबा म्हशीच्या पुढ्यात. म्हैस तळ चाटत होती आणि आबा बाजेवर गूळ-शेंगदाणे चावत बसले होते. बौद्ध वस्तीतल्या बाईच्या हातचं त्यांना चालत नव्हतं.

"आबा, जरा म्हशीला विचारा, मीठ बरोबर हाय का?"

आबा भिंतीकडं बघत म्हणाले, "मला तिखट पचत न्हाई."

"म्हशीला पचतंय की."

ती रडली नाही. घरी जाईपर्यंत तिच्या डोक्यात एकच गोष्ट होती. जेवणाची सोय झाली होती, पण उंबरे जिथल्या तिथंच होते. डबा आत जात होता, ती बाहेरच उभी होती.

दुसऱ्या दिवशी तिनं गावभर सांगितलं : अंथरुणाला खिळलेल्यांना डबा घरी. चालता येतं त्यांनी सोमवारपासून समाजमंदिरात यायचं, पडेल ते काम करायचं आणि पंगतीत जेवायचं.

विजयसिंहांचा लगेच फोन आला. "पंचशीलाताई, लोक उपाशी राहतील. आपलं काम जेवण देणं आहे, गाव बदलणं नाही."

"आठवडा द्या सर. गाव आलं न्हाई, तर डबे पुन्हा वाटते आणि तुमचं काम सोडते."

काम गेलं तर तिला पुन्हा कोयताच उचलावा लागणार होता. ते तिला ठाऊक होतं.

सोमवारी बौद्ध वस्तीतली माणसं आली, मुसलमान गल्लीतली आमिनाबी आली. आबासाहेबांच्या वरच्या आळीतलं कोणी फिरकलं नाही. मंगळवारी त्या आळीतल्या जाईबाई काठी टेकत दारात उभ्या राहिल्या.

"भिंतीसंगं बोलून तोंड आंबलं माझं," म्हणाल्या, आणि हात धुऊन परातीपाशी बसल्या. त्यांच्या भाकरीचं गावात नाव होतं. बुधवारपर्यंत अर्धी आळी आली. आबासाहेब तेवढे आले नाहीत.

गुरुवारी पंचशीला त्यांच्या दारी गेली. हात रिकामे होते.

"आबा, चला जेवायला."

"जाईबाई भाकरी करती म्हणं. तिच्या हातच्या दोन वेगळ्या ठेव."

"पीठ मी मळते, थापते जाईमावशी, भाजते आमिनाबी. त्यातली कोणची कोणाची, तुमीच निवडा."

आबांनी दार लावून घेतलं. पंचशीला परतली. वाटेत एकदाही मागं वळली नाही, पण कान मागंच होते.

पंगत बसली तेव्हा आबा दारात होते. गूळ-शेंगदाण्यावर निघालेले दिवस गालांवर दिसत होते. टोकाला बसले, शेजारच्या आसारामपासून हातभर जागा सोडून. आसाराम पंचशीलाच्याच वस्तीतला.

जाईबाई परातीपासून ओरडल्या, "आबा, सरका की! मधी काय म्हैस बांधायची हाय?"

पंगत हसली. आबांचे कान तापले. मग ते सरकले.

पहिला घास त्यांनी बराच वेळ चावला. पंचशीला पळी हातात धरून उभी होती.

"आमटीत मीठ कमी हाय," आबा म्हणाले.

"म्हशीनं कधी सांगितलं न्हाई!" तिनं मिठाचं भांडं पुढं केलं.

आबांना ठसका लागला. आसारामनं आपला तांब्या सरकवला. आबांनी क्षणभर त्याकडं पाहिलं आणि वरून न ओतता तोंड लावून पाणी प्यायलं.

हात धुताना ते पुटपुटले, "उद्या लसूण मी सोलतो. तुमी बाया अर्धा वाया घालवता."

पंचशीलानं विजयसिंहांना फोन लावला.

"सर, अंथरुणावरल्यांचे सोडून बाकीचे डबे घेऊन जा. ताटं पाठवा. आन जरा जास्तच पाठवा."