आत्याचं नाव

“एक मिनिट. कोनी हलू नोका, बोलू नोका.”

कॅमेऱ्यामागून हात वर करून तो असं म्हणाला की माझ्या कपाळाला आठी पडायची. मुलाखत संपली तरी नुसत्या खोलीचा मिनिटभर आवाज त्याला रेकॉर्ड करून लागायचा. का, तर पुढे फिल्म जोडताना उपयोगी पडतो. तोवर पंखा बंद, कोंबड्या बाहेर, माणसं गप्प. मे महिन्यात मुलचेऱ्याकडच्या पत्र्याच्या घरात हे करून बघा, मग मला चिडका म्हणा.

तो माझा विद्यार्थी. पूर्व बंगालातून आलेल्या लोकांना सरकारने आमच्या जंगलात वसवलं, त्यांच्यातला. जन्म इथला, घरात बंगाली, शिव्या मात्र अस्सल झाडीपट्टीच्या. शहरात कॅमेरा शिकून आला आणि ‘आपन नेमके कुठचे’ यावर पदरमोड करून फिल्म काढायला लागला. मी निवृत्त मास्तर. माझी मोटरसायकल त्याने स्वतःचीच समजली आणि माइकची काठी माझ्या हातात दिली.

दोन वर्षांत वसाहतीतले सगळे म्हातारे त्याने बोलते केले. एक सोडून.

“अरे, तुहा बाप घरीच बसून आहे, त्याले विचार ना!”

“विचारतो ना सर. पन बाबा बोलतच नाई.”

वडील लहानपणी नदी ओलांडून आले, एवढंच त्याला ठाऊक. कोणती नदी, तेही नाही. त्यांच्या घरातलं सांगणारं दुसरं कोणी उरलं नव्हतं.

शेवटी एका दुपारी वडील खुर्चीत बसले. तासभर प्रश्न झाले. उत्तरं ठरलेली: हो, नाही, आठवत नाही. याने हताश होऊन प्रश्न आवरले आणि सवयीने हात वर केला. सगळे गप्प झाले, आणि तेव्हाच म्हातारा बंगालीत बोलू लागला. मला तेवढं बंगाली कळतं.

“होडीत जागा नव्हती. तुझी आत्या घाटावरच...”

“श्श! बाबा, एक मिनिट!”

बोलून गेला आणि पांढराफटक पडला. आपल्याला आत्या होती, हे त्याने त्या क्षणी पहिल्यांदा ऐकलं होतं.

“बाबा, कोण आत्या? सांगा ना!”

“काही नाही. पंखा लाव.”

मी काठी आपटली. उभ्या आयुष्यात कुठल्या विद्यार्थ्यावर एवढा ओरडलो नव्हतो. मग माझीच मला लाज वाटली, कारण तो जमिनीवर बसून रडत होता. पुढे तो रोज विचारायचा आणि म्हातारा धानाचं, तळ्यातल्या मासोळीचं बोलायचा. हिवाळ्यात म्हातारा गेला.

फिल्म अजून अर्धीच आहे. हा आता दुसऱ्या राज्यांतल्या अशाच बंगाली वसाहती पालथ्या घालतो आहे. मधूनच फोन येतो. “सर, इथी एक म्हातारी भेटली. लहान भाऊ सुटला होता म्हन्ते.” दर वेळी म्हातारी वेगळी, गाव वेगळं, आणि काही जुळत नाही.

परवा मी वैतागलोच. “अरे, अशा किती जनींले विचारशीन? फिल्म पुरी कर न घरी ये.”

“आत्याचं नावच माईत नाई ना सर,” तो म्हणाला. “म्हनून सगळ्याईले विचारून राह्यलो.”