माझं म्हणणं ऐकायला लावणारे वकीलकाका

कुणाबद्दल असं प्रेमानं लिहायला घेतलं की शेवटी तो माणूस जातो, अशी तुम्हाला सवय लागलीय. रुमाल आत ठेवा. आमच्या खालच्या मजल्यावरचे वकीलकाका या गोष्टीत मरत नाहीत. मात्र तोंडी बोलण्यावर त्यांच्याइतका अविश्वास असलेला माणूस नव्वदच्या दशकात अख्ख्या ऐरोलीत नव्हता. दूधवाला म्हणाला, "उद्या येनार नाय," की काका म्हणणार, "लिहून दे." घरात गॅस संपला तर काकूंनी चिठ्ठी द्यायची, वर तारीख घालून. आमच्या ओल्या कपड्यांचं पाणी त्यांच्या पापडांवर ठिबकलं, तर गॅलरीतून दोन शिव्या घालून मोकळं व्हायचं की नाही? नाही. रजिस्टर्ड पोस्टानं नोटीस! पोस्टमन दार चुकला, तेव्हा काका स्वतः त्याला वर घेऊन आले आणि माझी सही होईस्तोवर शेजारी उभे राहिले. मी म्हटलं, "काका, आत्ता काढतो कपडे." तर म्हणे, "उत्तर पंधरा दिवसांत. लेखी."

मला नकला करायची खोड. कोरेगावच्या शाळेत त्यापायी मार खाल्ला, पण सुधारलो नाही. एकदा पीसीओवरून काकांना जज्जसाहेबांच्या आवाजात फोन केला, तर काका असे ताडकन उभे राहिले की मागं खुर्ची पडली, हे काकूंनीच सांगितलं. तेव्हापासून फोनवर कुणी मोठा माणूस बोलला की काकांना पहिला संशय माझा.

मग एकदा अंगाशी आलं. गॅदरिंगच्या माइकवरून प्राचार्यांच्या आवाजात, आधी दोनदा खाकरून, मी दुसऱ्या दिवशीची सुट्टी जाहीर केली. अर्धं कॉलेज खरंच घरी बसलं. प्राचार्यांनी समिती नेमली, स्वतःच अध्यक्ष झाले, मला न बोलावताच अहवाल धाडला, आणि विद्यापीठाचं पत्र आलं: वर्षभर परीक्षेला बंदी. माझं बी.कॉम.चं शेवटचं वर्ष. वडील तुर्भ्याच्या बाजारात माथाडी. ते ओरडले असते तर बरं झालं असतं. नुसतं म्हणाले, "उद्यापास्नं चल माज्यासंगं. वझं उचलाय पाट हाय नव्हं तुला?"

मी पत्र घेऊन खाली गेलो. काकांनी ते तीनदा वाचलं.

"शिक्षेआधी तुला विचारलं कुणी?"

"नाही."

"पण केलंस ना?"

"केलं."

"ते नंतर बघू. अरे, आमच्या कोकणात आंबे चोरणाऱ्या पोरालासुद्धा आधी विचारतात, काय रे, कुठून आणलेस? मग बडवतात. आणि तक्रार त्यांची, चौकशीही त्यांचीच? बॅट्समननंच अंपायरचा कोट घालायचा?"

झालं, हायकोर्टात अर्ज गेला. सुनावणीच्या आदल्या दिवशी मी वर पुस्तकात डोकं घालून बसलेलो, आणि खाली काकांचा फोन वाजला, हे मला नंतर कळलं. पलीकडून दोनदा खाकरणं. "वकीलसाहेब, बसू दे मुलाला परीक्षेला. मी लिहितो विद्यापीठाला. मिटवू आपण."

"गाढवा," काका म्हणाले, "आवाज झकास जमलाय. पण तो माणूस इतकं मऊ बोलेल का? अभ्यास कर!" आणि आपटला फोन.

दुसऱ्या दिवशी जज्जसाहेबांनी एकच विचारलं, मुलाचं म्हणणं कुणी ऐकलं होतं? समोरचे वकील कागद चाळत राहिले. हुकूम झाला: पोराला परीक्षेला बसू द्या, दुसऱ्या समितीनं त्याला बोलावून नव्यानं चौकशी करा, तोवर निकाल राखून ठेवा. मी उडी मारायच्या बेतात, तर बाहेर व्हरांड्यात प्राचार्य समोर. "वकीलसाहेब, काल मीच फोन केला होता. गाढव म्हणालात मला."

काकांचा चेहरा असा मी कधी पाहिला नव्हता. त्यांनी हात जोडले. "चुकलो, सर."

मला हसू फुटलं. परतीच्या बसमध्ये काका खवळले. "दात काय काढतोस? कोर्टानं परीक्षेला बसवलंय, शहाणा ठरवलेलं नाही. तो माणूस आपणहून मिटवायला आला होता रे! तुझ्यापायी त्याचं खरं बोलणं मला खोटं वाटलं. तुझं म्हणणं ऐका, ऐका म्हणून मी घसा कोरडा केला. आता समितीसमोर म्हणणं काय मांडणार? आणि कुणाच्या आवाजात?"

मी उजवा हात खिडकीबाहेर काढून वाऱ्यात धरला. बस खाडीपुलावर आली.

"ऐकतोयस ना?"

"ऐकतोय, काका."

"मग हात आत घे आधी खिडकीतून. पेपर काय डाव्या हातानं लिहिणारेस?"